खिसेकापूची ऐंशी वर्षं

‘कॅसाब्लांका’ ज्यांनी पाहिला आहे त्यांना त्यातला खिसेकापू आठवत असेल. चित्रपट नुकताच सुरू झालेला असतो. दोन जर्मन निरोप्यांचा खून झालेला आहे, शहरात निर्वासितांची धरपकड चालू आहे आणि कॅफेबाहेर बसलेलं एक इंग्रज जोडपं हा गोंधळ जरा कुतूहलानं, जरा घाबरून बघतंय. तेवढ्यात एक बुटकासा, काळ्याभोर केसांचा माणूस त्यांच्याजवळ येतो. काय चाललंय ते समजावून सांगतो. अदबीनं, पण बजावून सांगतो, की सांभाळून राहा, हे शहर गिधाडांनी भरलेलं आहे. बोलता बोलता त्या गृहस्थाशी लगट करतो आणि निघून जातो. तो गेल्यावर गृहस्थ खिसा चाचपतो. पाकीट गेलेलं असतं.

संपूर्ण चित्रपटात या माणसाचं काम जेमतेम दोन ठिकाणी आहे. हम्फ्री बोगार्ट आणि इन्ग्रिड बर्गमनच्या प्रेमकथेवर आजवर जेवढी शाई खर्च झाली, तिच्यातला एखादा थेंब याच्या वाट्याला आला असेल. पण श्रेयनामावलीत त्याचं नाव आहे, अगदी शेवटी : कुर्ट बॉइस. फिल्म सोसायटीच्या दिवसांपासून मला श्रेयनामावलीतली तळाची नावं वाचायची खोड आहे. वरची नावं सगळेच वाचतात. या एका नावाच्या मागे लागलो तो नोकरी सांभाळून, शब्दकोशाच्या आधारानं जर्मन वाचत, मिळतील ते चित्रपट पुन्हा पुन्हा पाहत.

बॉइस ५ एप्रिल १९०१ रोजी बर्लिनमध्ये जन्मला आणि २५ डिसेंबर १९९१ रोजी बर्लिनमध्येच वारला. त्याचा पहिला चित्रपट १९०७ सालचा. त्याचं ज्या भूमिकेसाठी सर्वाधिक कौतुक झालं तो चित्रपट १९८७ सालचा. म्हणजे कॅमेऱ्यासमोर ऐंशी वर्षं. आपल्याकडे ३ मे १९१३ ला दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ मुंबईच्या कोरोनेशन थिएटरात लागला, तेव्हा हा मुलगा सहा वर्षं चित्रपटांत काम करून चुकला होता. या ऐंशीच्या आकड्यामुळेच बॉइसचं नाव विक्रमांच्या याद्यांत सापडतं आणि बहुतेक वेळा तिथेच संपतं. मला त्या आकड्याविषयी थोडा राग आहे. दीर्घ कारकीर्द म्हटलं की एखादा घाट हळूहळू चढत गेलेला माणूस डोळ्यांसमोर येतो. बॉइसची वाट तशी नव्हतीच. ती मधेच तुटली, त्याला पुन्हा पायथ्यापासून चालावं लागलं, आणि तो दूर असताना त्याचाच चेहरा, त्याला न विचारता, एका भलत्याच कामासाठी वापरला गेला. मला सांगायचं आहे ते मुख्यतः त्या चेहऱ्याविषयी.

बर्लिनमधल्या एका ज्यू कुटुंबातला हा मुलगा. बहीण इल्झं पुढे कॅबरेत नाव मिळवलं. कुर्टचं नाव व्हायला कारण झाली लिओ फाल या संगीतकाराची ‘डेर फिडेले बाउअर’ ही ऑपेरेटा, म्हणजे आपल्या भाषेत हलकंफुलकं संगीत नाटक. तिच्यात हाइनर्ले नावाच्या लहान मुलाची भूमिका आहे. १९०८ मध्ये बर्लिनच्या ‘थिएटर डेस वेस्टेन्स’मध्ये ती बॉइसनं केली आणि त्याच सुमारास त्याच ऑपेरेटावर चित्रपटही निघाला. मूकपटाच्या काळात ऑपेरेटावर चित्रपट कसा, असा प्रश्न वाचकांना पडेल. तेव्हा जर्मनीत ‘टोनबिल्ड’ नावाचा प्रकार भरात होता. शब्दशः ‘ध्वनिचित्र’. गाणं आधी ग्रामोफोनच्या तबकडीवर मुद्रित करायचं, ती तबकडी वाजवून तिच्यासमोर नटानं ओठ हलवायचे, त्याचं चित्रीकरण करायचं, आणि थिएटरात प्रक्षेपक आणि ग्रामोफोन जोडीनं चालवायचे. दोन-तीन मिनिटांचा तुकडा, कारण तबकडीच तेवढी. सुई घसरली की गाणं एकीकडे आणि ओठ दुसरीकडे. पार्श्वगायनावर पोसलेल्या आपल्या प्रेक्षकाला यात नवल वाटायचं कारण नाही. १९१० नंतर चित्रपट लांब होत गेले तसा हा प्रकार मागे पडला.

बालनट मोठा झाला की बहुधा विसरला जातो. बॉइस टिकला तो शरीराच्या जोरावर. एर्न्स्ट लुबिचच्या ‘डी आउस्टर्नप्रिन्सेसिन’ या १९१९ च्या प्रहसनात तो वाद्यवृंदाचा संचालक आहे. एका अब्जाधीश अमेरिकनाच्या मुलीचं लग्न असतं, आणि पाहुण्यांपासून स्वयंपाकघरातल्या नोकरांपर्यंत सगळ्यांना फॉक्सट्रॉट नाचाची जणू साथ येते. या सगळ्या वेडाला ताल देणारा अठरा वर्षांचा बॉइस हातातल्या छडीनं नव्हे, तर खांदे, गुडघे आणि मुख्यतः पार्श्वभाग यांनी वाद्यवृंद चालवतो. आवाज नसलेल्या चित्रपटात संगीत दिसलं पाहिजे ही दिग्दर्शकाची अडचण त्यानं एकट्यानं सोडवली आहे, असं मी म्हणेन. पुढचं दशक त्यानं बर्लिनच्या कॅबरेत, रेव्ह्यूंत आणि विनोदी नाटकांत काढलं.

१९२७ मध्ये रिचर्ड आइखबेर्गनं दिग्दर्शित केलेला ‘डेर फ्युर्स्ट फॉन पापेनहाइम’ आला. गंमत नावातच आहे. ‘फ्युर्स्ट’ म्हणजे राजपुत्र, पण नायकाचं ते केवळ आडनाव, आणि ‘पापेनहाइम’ ही जहागीर नसून कपड्यांची पेढी. हा एगॉन फ्युर्स्ट म्हणजे बॉइस. एक खरीखुरी राजकन्या घरातून पळून त्या पेढीत येते, घोटाळ्यावर घोटाळे होतात, आणि एका टप्प्यावर नायकाला झगा घालून बाई व्हावं लागतं. प्रकार कुठल्या जातीचा हे मराठी वाचकाला दोन शब्दांत सांगता येईल : ‘मोरूची मावशी’. अत्र्यांनी ज्याच्यावरून ती मावशी घेतली त्या ‘चार्लीज आंट’च्या गोतावळ्यातलाच हा फार्स. बालगंधर्वांच्या स्त्रीभूमिकेत पाहणाऱ्यानं पुरुष विसरावा अशी अपेक्षा असे. मावशीत उलट, तो क्षणभरही विसरू नये, यातच सगळी मौज. बॉइसचं काम या दुसऱ्या घराण्यातलं आहे. झग्यातला संकोच, टाचेच्या बुटांची फजिती, आणि बघता बघता आपल्याच रूपावर खूश होणं. बर्लिन हसलं. जाता जाता सांगायचं तर हाच आइखबेर्ग दहा वर्षांनी भारतात येऊन उदयपूर आणि म्हैसूरकडे आपल्या ‘टायगर ऑफ एश्नापूर’चं चित्रीकरण करून गेला. पण तोवर बॉइसचं आणि जर्मन चित्रपटाचं नातं संपलेलं होतं.

बोलपट आले तेव्हा बॉइस त्यांत सहज रुळला. १९३२ मध्ये त्यानं एक लघुपट स्वतः दिग्दर्शितही केला. पुढच्या वर्षी, ३० जानेवारी १९३३ ला, हिटलर सत्तेवर आला. ज्यू कलावंतांना रंगभूमी आणि चित्रपट दोन्हींची दारं काही महिन्यांत बंद झाली. बॉइस देश सोडून अमेरिकेला गेला.

त्या बर्लिनमधून बाहेर पडलेली माणसं कुठेकुठे पांगली ते पाहू लागलं की थक्क व्हायला होतं. मुर्नाव आणि पाब्स्टसाठी पटकथा लिहिणारा समीक्षक विली हास १९३९ मध्ये मुंबईत आला आणि मोहन भवनानींच्या चित्रसंस्थेत काम करू लागला. आकाशवाणीची ओळखधून बांधणारा वॉल्टर कॉफमन त्याच्या आधीच मुंबईत होता. आणि याच वर्षांत मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये ‘अछूत कन्या’ करणारा फ्रान्झ ओस्टेनही जर्मनच, पण नाझी पक्षाचा सभासद. मुंबईत हे सगळे थोड्या मैलांच्या अंतरावर राहत होते. त्यांच्यावर वेगळं लिहायला हवं. इथे एवढंच, की चित्रपटाच्या धंद्यातल्या निर्वासिताला हॉलिवूड गाठणं ही सगळ्यात मोठी लॉटरी होती आणि बॉइसला ती लागली.

लॉटरी लागली म्हणजे काय झालं? न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर काही काम करून बॉइस १९३७ मध्ये हॉलिवूडला पोचला. बर्लिनमध्ये तो नायक होता, पोस्टरवर त्याचं नाव होतं. इथे त्याला पस्तिशी उलटल्यावर एका परक्या भाषेत, कधीच न जाणाऱ्या उच्चारांसह, अगदी तळापासून सुरुवात करावी लागली. उच्चार हा नटाचा सातबारा असतो, त्यावर सगळं लिहिलेलं असतं. हॉलिवूडनं तो वाचला आणि या माणसाला एक चौकट आखून दिली : ‘परदेशी’. परदेशी म्हणजे कुठला हे महत्त्वाचं नव्हतं. फ्रेंच चालेल, इटालियन चालेल, व्हिएन्नाचा चालेल. वेटर, केशभूषाकार, शिंपी, नृत्यदिग्दर्शक, संगीतकार, स्वयंपाकी. ‘तोवारिच’, ‘द ग्रेट वॉल्ट्झ’, ‘बॉय मीट्स गर्ल’, ‘बूम टाउन’, ‘बिटर स्वीट’, ‘कव्हर गर्ल’ असे चित्रपट एकामागून एक पाहत गेलं की बॉइस दारातून आत येतो, ट्रे ठेवतो, हात उडवतो, एखादं वाक्य बोलतो आणि जातो. १९३९ च्या ‘हंचबॅक ऑफ नोत्र दाम’मध्ये तो विद्यार्थी आहे. दिग्दर्शक विल्यम डिटर्ल, तोही जर्मनच. १९४१ च्या ‘होल्ड बॅक द डॉन’मध्ये मेक्सिकोच्या सीमेवर अमेरिकन व्हिसाची वाट पाहत खोळंबलेल्या निर्वासितांपैकी तो एक आहे. पटकथेच्या दोन लेखकांत एक बिली वाइल्डर, जो स्वतः त्याच सीमेवर व्हिसासाठी थांबला होता. पात्राचं नाव ‘बोनबॉइस’. नटाच्या आडनावालाच शेपूट लावलेलं.

हॉलिवूडनं या गुणी नटाची माती केली, असं जर्मन लिखाणात बऱ्याचदा वाचायला मिळतं. मला ते अर्धंच पटतं. संधी दिल्या नाहीत हे उघड आहे. पण त्या वेटर-शिंप्यांकडे नीट पाहिलं तर एक गोष्ट ध्यानात येते, की बॉइस कधीच उरकत नाही. वीस सेकंदांत त्याला सुरुवात, मध्य आणि शेवट असलेलं काहीतरी करायचं असतं. ही कॅबरेची शिस्त आहे. तिथे प्रेक्षकाच्या हातात पेला असतो, आणि त्याची मान वळायच्या आत तुम्हाला काम संपवायचं असतं. छोट्या भूमिकेत चमकण्यासाठी मुख्य नटावर कुरघोडी करणारे पुष्कळ असतात. बॉइस तसं करत नाही. तो चौकटीच्या कडेला उभा राहून आपला कोपरा तेवढा जिवंत ठेवतो.

आता १९४० कडे यायला हवं. त्या वर्षी बॉइस हॉलिवूडमध्ये ‘बूम टाउन’ आणि ‘बिटर स्वीट’मधली आपली छोटी कामं करत होता, तेव्हा बर्लिनमध्ये फ्रिट्झ हिप्लर नावाचा नाझी अधिकारी एक चित्रपट जोडत होता : ‘डेर एविगे युडे’, म्हणजे ‘चिरंतन ज्यू’. गोबेल्सच्या प्रचार खात्याचं हे काम. नाव माहितीपटाचं, पण मजकूर विष. पोलंडमधल्या ज्यू वस्त्यांची दृश्यं आणि त्यांना जोडून उंदरांच्या टोळ्यांची दृश्यं. यात एक प्रकरण कलेवर आहे. जर्मन कला ज्यूंनी कशी नासवली हे ‘सिद्ध’ करण्यासाठी हिप्लरनं जुन्या जर्मन चित्रपटांतले तुकडे कापून घेतले. फ्रिट्झ लांगच्या ‘एम’मध्ये पेटर लोरनं बालहत्या करणाऱ्या विकृताची भूमिका केली होती. त्यातली शेवटची कबुली इथे आली, जणू नट आणि पात्र एकच. आणि ‘पापेनहाइम’मधलं झग्यातलं दृश्य आलं, नटाचं नाव आणि त्याची जात निवेदनात घेऊन. फार्समधला झगा विकृतीचा पुरावा झाला. ज्या दृश्यावर तेरा वर्षांपूर्वी बर्लिन हसलं, तेच दृश्य बर्लिनला किळस यावी म्हणून दाखवलं गेलं. एक चौकटही बदलावी लागली नाही. फक्त मागचा आवाज बदलला.

मला हे सारखं खटकत राहतं, कारण चित्रपटात नटाचं स्वतःचं असं काय असतं? नाटक संपलं की संपतं. चित्रपटात तो आपला चेहरा एका डब्यात ठेवून जातो, आणि डबा ज्याच्या हाती पडेल त्याचा तो होतो. बॉइसचा डबा बर्लिनमध्ये राहिला होता.

त्याच प्रचारपटात आणखी एक ज्यू नट दाखवला आहे, कुर्ट गेरॉन. पु. लं.चा ‘तीन पैशाचा तमाशा’ पाहिलेल्या वाचकांना हे नाव माहीत नसलं तरी त्याचं एक गाणं अप्रत्यक्षपणे माहीत आहे. ब्रेख्तच्या मूळ ‘थ्री पेनी ऑपेरा’च्या पहिल्या प्रयोगात, ३१ ऑगस्ट १९२८ ला, मॅक नावाच्या सुरीबाजाचं ते प्रसिद्ध गाणं याच गेरॉननं गायलं. गेरॉनही जर्मनीतून निघाला, पण पॅरिस आणि तिथून ॲम्स्टरडॅम इतकाच लांब गेला. हॉलंड पडल्यावर तो सापडला. तेरेझिएनश्टाटच्या छावणीत ‘कैदी किती मजेत आहेत’ हे दाखवणारा चित्रपट त्याच्याकडून करवून घेतला गेला आणि ऑक्टोबर १९४४ मध्ये त्याला आउश्विट्झमध्ये मारलं. गेरॉन आणि बॉइस एकाच रंगभूमीवरचे, एकाच पिढीचे. फरक फक्त बोटीच्या तिकिटाचा.

‘डेर एविगे युडे’ बर्लिनमध्ये २८ नोव्हेंबर १९४० रोजी प्रदर्शित झाला. ‘कॅसाब्लांका’ न्यूयॉर्कमध्ये २६ नोव्हेंबर १९४२ रोजी. दोन वर्षांना दोन दिवस कमी. आणि या दुसऱ्या चित्रपटात, रिकच्या त्या एका कॅफेत, पेटर लोर आहे आणि कुर्ट बॉइसही आहे. रुलेटच्या टेबलामागे उभा असलेला क्रूपिए पाहा. तो मार्सेल दालिओ, रेन्वारच्या ‘ला ग्रांद इल्युजन’ आणि ‘रूल्स ऑफ द गेम’मधला मोठा फ्रेंच नट. फ्रान्स पडल्यावर नाझींनी ज्यू कसा ओळखावा हे सांगायला ज्याचं छायाचित्र भित्तिपत्रकांवर लावलं तोही दालिओच. ‘कॅसाब्लांका’त त्याचं नावसुद्धा नाही. म्हणजे ज्यांचे चेहरे नाझी प्रचारानं वापरले असे तीन नट एका छताखाली बसलेले आहेत, आणि नाझी मेजरचं काम करतोय कॉन्राट फाइट, जो ज्यू पत्नीसह जर्मनी सोडून आलेला. दिग्दर्शक मायकेल कर्टिझ हंगेरियन ज्यू. श्रेयनामावलीतल्या चौदा नटांपैकी अमेरिकेत जन्मलेले फक्त तीन : बोगार्ट, पियानो वाजवणारा डूली विल्सन आणि जॉय पेज.

हे ठाऊक झाल्यावर मी सुरुवातीचा तो प्रसंग पुन्हा पाहिला. शहरात काय चाललंय, निर्वासित का पकडले जातायत, पोलीसप्रमुख कसला माणूस आहे, ही सगळी माहिती प्रेक्षकाला द्यायचं काम पटकथेनं खिसेकापूवर सोपवलं आहे. दुसरा कुणी नट असता तर ती माहिती राहिली असती. बॉइस ती अशा सुरात सांगतो, की ही धरपकड म्हणजे रोजचं दूध आल्यासारखी गोष्ट आहे. त्यात दुःख नाही, संताप नाही. माहीतगाराचा थोडासा तोरा आहे. गिधाडांपासून सावध करतानाचा त्याचा कळवळा इतका अस्सल आहे, की पाकीट गेल्यावरही तो खोटा वाटत नाही. पुढे कॅफेत तो आणखी एका गिऱ्हाइकाला हेच शहाणपण शिकवून निघतो आणि जाताना वेटर कार्लला धडकतो. कार्ल तत्काळ आपले सगळे खिसे चाचपतो. हा कार्ल म्हणजे हंगेरियन नट एस. झेड. साकाल. त्याच्या तीन बहिणी पुढे छळछावण्यांत मेल्या. दोन युरोपीय विनोदी नट एका खांद्याच्या धक्क्यात सगळं करून मोकळे होतात. किती सेकंदांचा प्रसंग असेल तो!

हॉलिवूडमधलं बॉइसचं सर्वांत चांगलं काम मात्र माझ्या मते ‘कॉट’मधलं, १९४९ सालचं. दिग्दर्शक माक्स ओफ्युल्स, तोही १९३३ चा निर्वासित. रॉबर्ट रायन विक्षिप्त कोट्यधीश आहे आणि बॉइस त्याचा खुशमस्करा फ्रान्झी. मालकासाठी मुली हेरणं, पाहुण्यांची सरबराई, मालक रागावला की पियानो वाजवणं, आणि प्रत्येक अपमानावर तेच एक लाडिक वाक्य फेकणं. हा माणूस पूर्वी कुठेतरी हेडवेटर होता. शेवटी एके दिवशी तो ठरवतो, की या नोकरीपेक्षा पुन्हा हेडवेटर झालेलं बरं, आणि निघून जातो. दहा-बारा वर्षं अमेरिकन पडद्यावर ट्रे उचलणाऱ्या नटाच्या तोंडी हे येतं, तेव्हा ओफ्युल्सनं ते जाणून ठेवलं असावं असं मला वाटतं. पुरावा काही नाही.

१९५० मध्ये बॉइस परत गेला, आणि गेला तो पूर्व बर्लिनला. अमेरिकेत तेव्हा डाव्यांची झडती चालू होती. ब्रेख्त ऑक्टोबर १९४७ मध्ये चौकशी समितीपुढे साक्ष देऊन दुसऱ्याच दिवशी देश सोडून गेला होता आणि १९४९ पासून पूर्व बर्लिनमध्ये हेलेन वाइगेलसोबत ‘बर्लिनर एन्साम्ब्ल’ चालवत होता. तिथे १९५२ मध्ये बॉइसनं ब्रेख्तचा पुन्टिला केला. पुन्टिला हा फिनलंडचा जमीनदार. प्यायला की माणसात येतो, उतरली की पुन्हा जमीनदार. ‘वेटर’ म्हणून ट्रे वाहणाऱ्याला आता पूर्ण नाटकभर मालक व्हायचं होतं. हीच भूमिका त्यानं आल्बेर्तो कावाल्कान्तीनं व्हिएन्नात केलेल्या चित्रपटातही केली, म्हणून ती आपल्याला पाहता येते. पूर्व जर्मनीच्या सरकारी स्टुडिओसाठी ‘आइन पोल्टरआबेंड’ हा चित्रपट त्यानं १९५५ मध्ये दिग्दर्शित केला. नंतर तो पश्चिम बर्लिनला गेला. ना तो तिकडचा अधिकृत नट झाला, ना इकडचा तारा. साठ आणि सत्तरच्या दशकांत रंगभूमी, टीव्ही, मधूनच एखादा चित्रपट. १९६० च्या एका विनोदी चित्रपटात तो चक्क भूत आहे. या वीस वर्षांवर मी रेंगाळत नाही. त्यांत काम पुष्कळ आहे, पण पुढे जे आलं त्यापुढे ते फिकं आहे.

१९८१ मध्ये मार्कुस इमहोफ या स्विस दिग्दर्शकाचा ‘डास बोट इस्ट फोल’ आला. ऑस्करच्या परदेशी चित्रपट विभागात त्याला नामांकन मिळालं. ‘बोट भरली आहे’ हे शीर्षक एका स्विस मंत्र्याच्या १९४२ मधल्या भाषणातल्या उपमेवरून आलं. त्या वर्षीच्या ऑगस्टमध्ये स्वित्झर्लंडनं ज्यू निर्वासितांना सीमा बंद केली. चित्रपटात काही निर्वासित सीमा ओलांडून एका खेड्यात येतात आणि हाकलले जाऊ नये म्हणून एक कुटुंब असल्याचं सोंग करतात. त्यातला म्हातारा ओस्ट्रोव्स्की म्हणजे ऐंशी वर्षांचा बॉइस. नात बरोबर आहे. विनोदी नटाच्या सगळ्या हातचलाख्या त्यानं बाजूला ठेवल्या आहेत. फक्त एक उरली आहे, कुणाच्याही वाटेत न येण्याची. दुसऱ्याच्या घरात, दुसऱ्याच्या कपड्यांत, कमीत कमी जागा व्यापत तो बसतो. ‘कॅसाब्लांका’चं चित्रीकरण १९४२ च्या मे अखेरीपासून ऑगस्टच्या सुरुवातीपर्यंत चाललं होतं. म्हणजे हा म्हातारा ज्या उन्हाळ्यात सीमेवर अडकलेला आहे, त्याच उन्हाळ्यात खरा बॉइस कॅलिफोर्नियात इंग्रजांची पाकिटं मारत होता.

पुढच्याच वर्षी ब्रूनो गान्झ आणि ओटो झांडर या दोन नटांनी मिळून ‘गेडेख्टनिस’ म्हणजे ‘स्मृती’ हा चित्रपट केला. तो दोन म्हाताऱ्या नटांवर आहे : कुर्ट बॉइस आणि बेर्नहार्ट मिनेटी. ही जोडी साधी नाही. मिनेटी बॉइसपेक्षा चार वर्षांनी लहान, मोठाच नट. पण तो १९३३ नंतर बर्लिनमध्येच राहिला आणि नाझी काळभर तिथल्या सरकारी रंगभूमीवर भूमिका करत राहिला. एक गेलेला, एक राहिलेला. गान्झ आणि झांडर त्यांना कोर्टात उभं करत नाहीत, बोलतं करतात. नटाला नटानं प्रश्न विचारले की उत्तरं वेगळी येतात. बॉइसच्या आठवणींच्या पुस्तकाचं नाव मला याच संदर्भात फार आवडतं : ‘सुंदर असायला फारच खरं’. आपण एरवी उलट म्हणतो.

आणि मग १९८७ चा ‘डेर हिमेल युबर बर्लिन’, इंग्रजीत ‘विंग्ज ऑफ डिझायर’. दिग्दर्शक विम वेंडर्स, संवादांत पेटर हांडकेचा मोठा वाटा. बर्लिनवर दोन देवदूत फिरतायत, माणसांच्या मनातलं ऐकतायत. देवदूत कोण, तर गान्झ आणि झांडर, आणि त्यांच्यातला झांडर ज्याच्या मागे मागे फिरतो तो म्हातारा होमर म्हणजे बॉइस. तो ग्रंथालयात बसून आउगुस्ट झांडरनं काढलेल्या जर्मन माणसांच्या छायाचित्रांचं पुस्तक चाळतो. मग काठी टेकत भिंतीशेजारच्या ओसाड माळावर येतो आणि पोट्सडामर प्लाट्झ शोधू लागतो. हा चौक एकेकाळी युरोपातल्या सर्वांत गजबजलेल्या चौकांपैकी एक. बॉम्बहल्ल्यांनी तो भाजला, आणि भिंत उभी राहिल्यावर उरलंसुरलं पाडून टाकलं गेलं. म्हातारा स्वतःशी पुटपुटतो : इथेच कॅफे होता, तंबाखूचं दुकान होतं, मोठं पेठेसारखं दुकान होतं, ट्राम होत्या, घोड्यांच्या बस होत्या. मग झेंडे लागले आणि लोकांच्या बोलण्यातला आपलेपणा गेला. शेवटी गवतात कुणीतरी टाकून दिलेल्या एका खुर्चीत तो बसतो.

शब्द हांडकेचे आहेत, पण ते खरे करायला ज्यानं तो चौक लहानपणी स्वतः पाहिला होता असा नट हवा होता. या प्रसंगावर लिहिणारे बहुतेक जण हळवे होतात. मला मात्र त्यात जास्त दिसतो तो जुना विनोदी नट. चौक सापडत नाही म्हणून होमर चिडतो, जरा हट्टी होतो, चष्मा घरी विसरलेल्या आजोबांसारखा. आपल्या स्मृतीवर त्याचा विश्वास आहे. चूक असेल तर शहराची असेल. ते करुण नाही, कुरकुरं आहे, आणि म्हणून बघवत नाही.

२६ नोव्हेंबर १९८८ रोजी युरोपियन फिल्म अवॉर्ड्सचा पहिला सोहळा पश्चिम बर्लिनमध्ये झाला. सर्वोत्तम सहायक नटाचं पारितोषिक कुर्ट बॉइसला मिळालं. सोहळ्याची जागा होती ‘थिएटर डेस वेस्टेन्स’. हाइनर्ले म्हणून त्यानं गाणं म्हटलं होतं तेच नाट्यगृह, ऐंशी वर्षांनंतर.

पुढच्या वर्षी ९ नोव्हेंबरला भिंत उघडली. बॉइस तेव्हा अठ्ठ्याऐंशी वर्षांचा होता आणि बर्लिनमध्येच होता. पोट्सडामर प्लाट्झवरच्या ज्या गवतात होमरची खुर्ची होती, तिथे नव्वदच्या दशकात क्रेन उभ्या राहिल्या आणि नवा चौक बांधला गेला. तो पाहायला बॉइस नव्हता.